स्टेजकडे पाठ

क्यूसी सरांनी स्वतःचा एकही कार्यक्रम समोरून पाहिलेला नाही. तालीम असो, चाचणीचा प्रयोग असो की कॅमेऱ्यापुढचं रेकॉर्डिंग, ते एक प्लास्टिकची खुर्ची उचलायचे, स्टेजच्या अगदी खाली नेऊन ठेवायचे आणि स्टेजकडे पाठ करून बसायचे. मागे त्यांचे नट जीव तोडून काम करत असायचे आणि सर हाताची घडी घालून लोकांकडे बघत असायचे. नवीन ठिकाणी लोकांना वाटायचं, हा बंदोबस्ताला ठेवलेला माणूस असणार. डोंबिवलीतल्या एका सोसायटीच्या हॉलमध्ये एक आजोबा मध्येच उठून त्यांच्यापाशी आले आणि हळूच म्हणाले, "अहो, वळा की जरा. चांगलं चाललंय." सर म्हणाले, "स्टेजवर काय चाललंय ते मला पाठ आहे, आजोबा. तुमच्याकडे काय चाललंय ते माहीत नाही. तुम्ही बसा बघू जागेवर, माझा नमुना बिघडतोय."

आज त्यांचं नाव निर्माता म्हणून टीव्हीवर येतं. विनोदी कार्यक्रम संपल्यावर नावांची जी पट्टी पळते, तिच्यात. ती कोणी वाचत नाही. मी वाचते. पण मी सांगतेय ते त्याच्या आधीचं, जेव्हा त्यांच्याकडे कार्यक्रम नव्हता. दोन नट होते, प्रत्येक ठिकाणी मागून घेतलेली एक खुर्ची होती आणि मी होते.

क्यूसी हे नाव त्यांना नटांनी ठेवलं होतं. डोंबिवलीच्या एमआयडीसीत रंग बनवणाऱ्या एका कंपनीत सर बरीच वर्षं केमिस्ट होते, क्वालिटी कंट्रोलमध्ये. तयार झालेल्या प्रत्येक बॅचमधून नमुना काढायचा, तपासायचा, पास की फेल ते सांगायचं. नोकरी सोडली तरी भाषा सुटली नाही. विनोदाला ते 'माल' म्हणायचे. एखादं वाक्य पडलं की नटावर कधी चिडले नाहीत. "बॅच परत," एवढंच म्हणायचे आणि रात्रीतून नवीन वाक्य यायचं. एखादं खूप चाललं तरी आनंदाने उड्या नाहीत. "पास. पुढचा."

मी त्यांच्याकडे गेले ती ठाण्याच्या कॉलेजात मास मीडिया करून घरी बसलेली, इंग्रजी शाळेत शिकलेली आणि अबोल. अबोल असण्याचं एक कारण स्वभाव आणि दुसरं मराठी आकडे. एकोणऐंशी हे सत्तरच्या बाजूचे की ऐंशीच्या, हे मनात ठरवेपर्यंत समोरचा माणूस निघून जायचा. अशा मुलीने मराठी विनोदी कार्यक्रमात काय करायचं, हा प्रश्न माझ्या बाबांना पडला होता. मलाही पडला होता, पण मी तो विचारला नाही.

आमची पहिली भेट डोंबिवली पूर्वेच्या एका मिसळीच्या हॉटेलात झाली. सरांनी माझा बायोडेटा घडी करून बशीखाली ठेवला आणि विचारलं, "तुझ्या मागच्या टेबलावर चौघं बसलेत. सगळे हसतायत. खरं कोण हसतंय?"

मी वळले नाही. वळून बघायची मला लाज वाटते. पण सरांच्या मागच्या भिंतीवर आरसा होता आणि आत येताना मी त्या टेबलाकडे बघितलं होतं.

"पांढऱ्या शर्टवाले त्यांचे साहेब असावेत," मी म्हटलं. "बाकीचे तिघं त्यांच्यासाठी हसतायत. खरा हसला तो वेटर."

सरांनी माझ्याकडे बघितलं. मग वळून आरशाकडे बघितलं.

"बोलतेस कमी?"

"हो."

"छान. बोलणाऱ्यांचं बघायचं राहून जातं. सोमवारपासून ये."

माझं काम असं होतं: सरांच्या शेजारी, स्टेजकडे पाठ करून बसायचं आणि लोक कसे हसतात ते बघायचं. पहिल्याच दिवशी मी पेन काढलं, तर त्यांनी ते काढून आपल्या खिशात टाकलं. "लिहायचं नाही. खाली बघितलंस की चेहरा निसटला." म्हणून सगळं डोक्यात ठेवायला लागायचं. कुठल्या वाक्याला किती जण, कुठल्या रांगेतले, बायका आधी की पुरुष आधी. परत येताना रिक्षात ते एकेक वाक्य म्हणायचे आणि मी सांगायचे. हळूहळू मला लोकांच्या चेहऱ्यांवरून पाठीमागचं अख्खं नाटुकलं ऐकू यायला लागलं.

खरं हसू ओळखायची त्यांची एक खूण होती. तोंडाकडे बघायचं नाही, ते सभ्य असतं, ते पाहुण्यांसाठी हसतं. "मान बघ," ते सांगायचे. "खरं हसू एकट्याला पुरत नाही. आतून आलं की माणूस आधी शेजारच्याकडे बघतो. तू ऐकलंस ना, असं. शेजारी भांडणारा असला तरी बघतो." हे ऐकल्यापासून मी लग्नात, बँकेत, डॉक्टरांच्या वेटिंग रूममध्ये माना बघत आले आहे. अजून तरी खूण चुकलेली नाही.

मालाची चाचणी दोन ठिकाणी व्हायची. एक डोंबिवलीतल्या त्या सोसायटीच्या हॉलमध्ये, जिथे महिला मंडळ आणि आजोबांचा कट्टा असे दोन्ही पक्ष यायचे. दुसरी शहाडला, सर वाढले त्या चाळीमागच्या विहाराशेजारच्या हॉलमध्ये. रविवारी सकाळी वंदना झाली की सर दारात उभे राहायचे. "पंधरा मिनिटं द्या. नवीन माल आलाय." लोक सतरंजीवर बसायचे, लहान मुलं पुढे सरकायची, कोणीतरी चहाचं बघायचं. इथे सरांना कोणी क्यूसी म्हणत नसे. इथे ते माईंचा बाळू होते.

माई म्हणजे सरांची आई. पांढरी साडी, कपाळ मोकळं, आवाज हॉलच्या बाहेर जाणारा. चाळीच्या भीमगीतांच्या मंडळात त्या पुढे उभ्या राहून गायच्या आणि त्यांचं पाठांतर भयंकर होतं. एकदा ऐकलं की कायमचं, तेही सगळ्यांच्या आवाजांसकट. पहिल्या रांगेत बसून त्या खळखळून हसायच्या आणि सर त्यांना मोजायचे नाहीत. "माई, तू नमुन्यात धरत नाही. तू मला जन्मापासून हसतेयस."

"मंग, हसण्यासारखाच झालेलास," माई म्हणायच्या.

सरांचा सगळ्यात कडक नियम हा होता की एका माणसावर एक माल दोनदा तपासायचा नाही. ऐकलेल्याला माणूस प्रेमाने हसतो आणि प्रेमाचं हसू खोटं नसलं तरी उपयोगाचं नसतं, असं ते म्हणायचे. म्हणून शहाडला केलेली नाटुकली डोंबिवलीत कधी केली नाहीत आणि डोंबिवलीतली शहाडला नाही. शहाडला सगळ्यात जास्त चाललं ते 'प्लंबर'. ठाण्यात ज्याला उशीर होतो तो फोनवर 'माजिवड्याला आहे' म्हणतो, मग तो अजून घरात आंघोळ करत का असेना. त्यावर ते होतं. एका बाईंच्या स्वयंपाकघरात पाणी साचलंय, प्लंबर दर फोनला "मॅडम, माजिवड्याला आहे, पाच मिनिटांत आलो," म्हणतोय, बाईंच्या रागाचा पारा चढतोय. शेवटी दुपारी तो येतो, ओट्याखाली आडवा होतो, काम सुरू करतो, तेवढ्यात त्याला दुसऱ्या गिऱ्हाईकाचा फोन येतो. आणि ओट्याखालून तो शांतपणे म्हणतो, "माजिवड्याला आहे."

प्लंबर वैभव करायचा आणि मालकीण सुजाता. शहाडच्या हॉलमध्ये या शेवटाला सगळ्या माना वळल्या होत्या. पास.

त्या आठवड्यात मी एक आगाऊपणा केला. तोंडाने सांगण्याचं धाडस नव्हतं म्हणून सरांना मेसेज पाठवला. शेवटी प्लंबरने काही बोलूच नये, फोन मालकिणीच्या हातात द्यावा, असं मला सुचलं होतं. तिने काय म्हणायचं तेही लिहिलं होतं. बराच वेळ निळ्या खुणा दिसत राहिल्या. मग उत्तर आलं: "चांगलं आहे. पण टेस्ट झालेलं नाही. ठेवून दे." मी ठेवून दिलं.

मग चॅनेलचा फोन आला. एक पायलट करून दाखवा, म्हणजे कार्यक्रमाचा नमुन्याचा भाग. आवडला तर पूर्ण सीझन, नाही आवडला तर विषय संपला. आमच्या बाजूनेही विषय संपणार होता. सरांची कंपनीतली जागा अजून भरली नव्हती. साहेबांनी महिनाअखेरपर्यंत थांबायचं कबूल केलं होतं आणि हा पायलट बुडाला तर सर परत लॅबमध्ये जाणार होते, हे त्यांनी आम्हाला सरळ सांगितलं होतं. माझ्या घरी बाबांनी चहा पिता पिता सांगितलं होतं, "हा तुमचा पायलट होऊ दे. नाही झालं, तर एमबीएचे फॉर्म निघतायत." बाबा ओरडत नाहीत. ते ओरडले असते तर मला सोपं गेलं असतं.

रेकॉर्डिंगला प्रेक्षक आणून देणारे लोक असतात. ते बसभर माणसं आणतात आणि ती माणसं खूण केली की हसतात. सर नको म्हणाले. "माझी माणसं आहेत." आणि त्यांनी बेत आखला, अगदी लॅबमधल्यासारखा. एका बसमधून शहाडचे आणि डोंबिवलीचे दोन्ही लोक आणायचे. शहाडचा माल चालू असेल तेव्हा डोंबिवलीकरांनी हसायचं आणि डोंबिवलीचा असेल तेव्हा शहाडकरांनी. प्रत्येक नाटुकल्याला अर्धा हॉल कोरा. मी त्यांना इतकं खूश कधी बघितलं नव्हतं. बसची जबाबदारी माईंकडे दिली.

स्टुडिओ म्हणजे माजिवड्याच्या पुढचं एक जुनं गोदाम होतं. दुपारी सगळं तयार झालं, चॅनेलच्या मॅडम येऊन बसल्या, पण बस येईना. सरांनी फोन लावला आणि स्पीकरवर टाकला.

"माई, कुठे पोचलात?"

"माजिवड्याला आहे!" माई म्हणाल्या, आणि मागून अख्खी बस हसली.

"मूड चांगला आहे," सर म्हणाले. मला काहीतरी खटकलं, पण काय ते पकडता आलं नाही. बस तेव्हा शीळफाट्याला अडकली होती, पुढे एक ट्रेलर आडवा पडला होता.

शेवटी सगळे आले. नटूनथटून आले होते. महिला मंडळाने एका रंगाच्या साड्या नेसल्या होत्या. उतरताना माईंनी सरांच्या गालावर हात फिरवला. "काय हसलीत रे मानसं बसमध्ये!"

पहिलं 'प्लंबर' होतं. सर आणि मी स्टेजकडे पाठ करून बसलो. सुजाताने पहिला फोन लावला. वैभवने घसा साफ केला आणि तो काही बोलायच्या आत, माझ्यासमोर, दोन्ही बाजूंनी, साड्या आणि कट्टा आणि शहाडची मुलं, सगळ्यांनी मिळून त्याला उत्तर सांगितलं. "माजिवड्याला आहे!" आणि टाळ्या वाजवल्या.

पुढच्या फोनलाही तेच. लोक खूप आनंदात होते. एकही मान वळत नव्हती. सगळे समोर बघून, शाळेत पाढे म्हणावेत तसे, वाक्यं म्हणत होते.

सरांनी हात वर केला. कॅमेरे थांबले.

"माई," ते म्हणाले, "डोंबिवलीवाल्यांना हे कसं माहीत?"

"आरं, शीळफाट्याला गाडी हलंना. पोरं कटाळली. म्हटलं, आपल्याकडं आहे की कार्यक्रम."

"सगळं करून दाखवलंस?"

"सगळं. मग त्यांनीबी त्यांचं दाखवलं. लई मजा आली."

मागून मंडळाच्या एक काकू उत्साहाने म्हणाल्या, "अहो, माईंनी प्लंबर काय सुंदर केला! यांच्यापेक्षा छान." मग स्टेजवर वैभव दिसला. "म्हणजे, तुमचाही छान आहे हं."

सर म्हणजे बरीच वर्षं नमुने वेगवेगळ्या बाटल्यांत ठेवलेला माणूस. शीळफाट्याने सगळ्या बाटल्या एकात ओतल्या होत्या. चॅनेलच्या मॅडमनी मोबाईलवरून मान वर केली. त्या वाईट नव्हत्या, त्यांना फक्त संध्याकाळी दुसरीकडे जायचं होतं. "सर, ऑडियन्स बदलूया का? आमचा कोऑर्डिनेटर तासाभरात माणसं आणून देईल."

हे हॉलभर ऐकू गेलं. आपल्याला घरी पाठवणार आहेत हे आधी पुढच्या रांगेला कळलं, मग मागच्या. साड्या सावरल्या गेल्या. एका आजोबांनी पाण्याची बाटली पिशवीत ठेवली. माईंनी पदराचं टोक तोंडावर धरलं होतं. आयुष्यात पहिल्यांदा त्या गप्प होत्या आणि ते बघवत नव्हतं.

"दहा मिनिटं द्या," सर मॅडमना म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "केतकी, तू एक पाठवलं होतंस. मालकीण फोन घेते, ते. काय होतं?"

मी मोबाईल काढायला लागले.

"वाचू नकोस. सांग. सुजाताला ऐकू जाऊ दे."

सुजाता स्टेजवर होती, वैभव ओट्याखाली, मध्ये दिवे लावणारी माणसं, मागे अख्खं शहाड आणि डोंबिवली.  इंग्रजीत सांगावं असं वाटून गेलं. मग मी स्टेजच्या कडेला गेले आणि सांगितलं. की प्लंबरने फोन उचलायचा, पण बोलायचं नाही. लोकांकडे बघायचं, लोक त्याचं वाक्य म्हणतील, म्हणू द्यायचं. मग तो फोन मालकिणीपुढे धरायचा. आणि सकाळपासून ज्या बाईने या एका वाक्यासाठी याला शिव्या घातल्यात, तिने नळाकडे बघायचं, प्लंबरकडे बघायचं, आणि फोनवर गोड आवाजात म्हणायचं...

मी ते वाक्य म्हटलं. सुजाताच्या आवाजात म्हटलं, कारण माझ्या आवाजात ते बाहेर पडलं नसतं.

सुजाता हसली. आणि हसता हसता तिने मान खाली करून ओट्याखालच्या वैभवकडे बघितलं.

सरांनी ते बघितलं. मीही बघितलं.

"एका माणसावर टेस्ट झाली," सर म्हणाले. "चला." मग त्यांनी आपली खुर्ची माझ्याकडे सरकवली. "तू बस. आज माझ्याच्याने बघवणार नाही." आणि ते काळ्या पडद्यामागे जाऊन उभे राहिले.

त्याआधी त्यांनी लोकांना एकच गोष्ट सांगितली. "तुम्हाला सगळं येतंय, हे कळलं. आता जे येतंय ते मोठ्याने म्हणा. लाजू नका." माईंनी पदर खाली केला, पण अर्धाच.

पुन्हा सुरुवातीपासून. लोक आधी बिचकले, मग म्हणायला लागले. प्रत्येक फोनला हॉल म्हणायचा, "माजिवड्याला आहे," आणि सुजाता आता प्लंबरवर चिडायची तशी लोकांवरही चिडायची. रंग भरायला लागला. मी मोठ्या हिमतीने सगळ्यांचे चेहरे बघत होते. शेवटचा फोन वाजला. माझ्या पाठीमागे वैभव थांबला, हे मला माईंच्या डोळ्यांत दिसलं. हॉलने त्याचं वाक्य दणक्यात म्हणून टाकलं. मग शांतता. माईंचं तोंड उघडंच होतं, आता काय, अशा अर्थाने. त्यांना न येणारं असं काहीतरी पहिल्यांदाच समोर चाललं होतं.

आणि सुजाताचा आवाज आला, साखरेसारखा: "हो हो, निघालेत ते. माजिवड्याला आहेत."

माना वळल्या. सगळ्या. शेतातून वारा जावा तशा. माईंनी शेजारच्या साडीवाल्या काकूंच्या मांडीवर जोरात थाप मारली, काकूंनी माईंचा हात धरला, आजोबांनी हसता हसता पिशवीतली बाटली काढून दुसऱ्या आजोबांना दिली, का ते त्यांनाही माहीत नसावं. मॅडमनी मोबाईल उलटा ठेवला आणि बरोबरच्या माणसाकडे बघितलं. 

मी उठून पडद्यामागे सरांकडे गेले. त्यांनी डोळे मिटलेले होते. "मान?" त्यांनी विचारलं.

"वळली."

"किती?"

"सगळ्या."

उरलेल्या दोन नाटुकल्यांसाठी माझ्याकडे काही नव्हतं. सरांनी वैभवला सुजाताच्या आणि सुजाताला वैभवच्या भूमिका दिल्या, तीच वाक्यं उलट्या तोंडी घातली आणि तीही तरली. एकात तर वैभव वाक्य विसरला आणि ते त्याला माईंनी जागेवरून सांगितलं. तेही रेकॉर्ड झालं.

मग वाट बघणं. महिनाअखेर जवळ येत होती. एक दिवस सर आणि मी त्याच मिसळीच्या हॉटेलात होतो, त्याच टेबलावर. फोन वाजला. चॅनेलचं नाव बघून सर उठले आणि भिंतीकडे तोंड करून उभे राहिले. त्या दिवशी मला पहिल्यांदा फक्त त्यांची पाठ दिसली, जी त्यांच्या नटांना रोज दिसायची. आरशात त्यांचं तोंड दिसलं असतं, पण मी मुद्दाम बघितलं नाही. पाठ बघितली. आधी ती ताठ होती. ते "हो, हो," म्हणत होते. मग भरलेल्या बादल्या जिन्यावरून वर आणून ठेवल्यावर खांदे सुटतात ना, तसे त्यांचे खांदे सुटले.

ते येऊन बसले. पाणी प्यायले.

"पास," ते म्हणाले. आवाज नेहमीचाच होता. पण माझी मिसळ संपलेली नसताना त्यांनी आणखी दोन मागवल्या आणि वेटरला विचारलं, "काय रे, तू हसतोस बरं चांगला. संध्याकाळी मोकळा असतोस का?"

मला त्या दिवशी बाहेर आल्यावर इतकं हलकं वाटलं की मी रिक्षावाल्याशी मराठीत घासाघीस केली. भाडं चुकीचंच ठरलं असणार, पण बोलले.

शहाडला बातमी सांगितली तेव्हा माई आधी रडल्या, मग म्हणाल्या, "म्हंजे आता मला बसमध्ये न्यायचा नाहीस."

"माई," सर म्हणाले, "तू यापुढे रिक्षाने यायचं. एकटीने. आणि रिक्षावाल्याशीसुद्धा बोलायचं नाही."

त्यांनी हे पाळलं नाही, अर्थात. पण सरांनी आपला नियम बदलला. प्रत्येक नाटुकल्याचे दोन शेवट ठेवायचे, एक तपासलेला आणि एक कोणीच न ऐकलेला. दुसरा शेवट लिहायचं काम माझ्याकडे आलं. अजून तेच करते, आता दुसऱ्यांकडे. सीझन संपल्यावर सरांना मोठा कार्यक्रम मिळाला, मोठं ऑफिस मिळालं आणि मला वेगळ्या ठिकाणी लेखनाचं काम. शेवटच्या दिवशी मी काहीतरी नीट बोलावं म्हणून घरून वाक्यं ठरवून गेले होते. त्यांनी बोलूच दिलं नाही. "नवीन जागी पहिल्या दिवशी एक खुर्ची मागून घे," ते म्हणाले. "सुरुवातीला तेवढंच बोललीस तरी चालेल." मी नवीन जागी तसंच केलं. लोकांनी खुर्ची दिली, मी वळवून ठेवली आणि सगळे विचित्र नजरेने बघायला लागले. मला बरं वाटलं.

पण माझा स्वतःचा निकाल त्याच्या बराच आधी लागला होता.

पहिला भाग टीव्हीवर लागला त्या संध्याकाळी आई-बाबा वेळेआधीच सोफ्यावर येऊन बसले. बाबांनी घरातला टी-शर्ट बदलून शर्ट घातला होता. मी डायनिंग टेबलाची खुर्ची आणून टीव्हीकडे पाठ करून ठेवली.

"अगं, तू बघणार नाहीस?" आई म्हणाली.

"मला पाठ आहे."

आई हसली, बाबांकडे बघून हसली. ती लवकर पास होते. बाबा योग्य ठिकाणी हसत होते, ऑफिसच्या समारंभात हसतात तसे, फक्त तोंडाने, सरळ समोर बघत. संपल्यावर म्हणाले, "नाइस. व्हेरी क्लीन." मी सरांना मेसेज केला, "बाबा फेल."

उत्तर लगेच आलं. "घरचा नमुना पहिल्या दिवशी धरायचा नसतो. ते कार्यक्रम बघत नव्हते, तुला बघत होते. रिपीट टेलिकास्टला बघ."

रिपीट रविवारी दुपारी होता. आईने टीव्ही लावला होता, बाबा सोफ्याच्या कोपऱ्यात पेपरात डोकं घालून होते. मी सवयीने उलट्या खुर्चीत बसून मटार सोलत होते. प्लंबरचे फोन सुरू झाले. पेपर हलला नाही. मग बेल वाजली, इस्त्रीवाला आला होता, आई उठून दाराकडे गेली. माझ्या पाठीमागे शेवटचा फोन वाजला आणि हॉल ओरडला. पेपर थोडा खाली आला. शांतता. सुजाता गोड आवाजात म्हणाली, की निघालेत ते.

बाबा हसले. आवाज न करता, आधी खांद्यांनी, मग चष्मा काढावा लागेल असे. हसता हसता त्यांची मान शेजारी वळली. तिथे आई नव्हती.

मग त्यांनी माझ्याकडे बघितलं.